उरलेली बाकी सुटी करा

जुलै उजाडला आणि दोन दिवस पाऊस थांबला नाही, की बदलापूरच्या बेलवलीत घरोघरी एकच चौकशी सुरू होते : नदी किती वर आली? उत्तर आकड्यात येते. बदलापूरला उल्हास नदीची इशारा पातळी १६.५० मीटर आहे आणि धोका पातळी १७.५० मीटर. २६ जुलै २००५ आणि २७ जुलै २०१९ हे पुराचे दिवस ज्यांनी या परिसरात काढले, त्यांना हे आकडे मुद्दाम पाठ करावे लागले नाहीत. मोबाइलवर पातळीचा संदेश येतो आणि घरातले सहावीतले मूल तो मोठ्याने वाचून दाखवते. त्याच मुलाला विचारून पाहा : समज, सकाळी सहाला पाणी १४.९० मीटरवर होते आणि दहाला १६.५० झाले, तर तासाला किती चढले? वजाबाकी ते पटकन करते, १.६० मीटर. आता याला चारने भाग म्हटले, की पेन्सिल थांबते आणि प्रश्न येतो, ‘चिन्हाचे काय करायचे?’

उत्तर ०.४० मीटर आहे. नदी एका चालीने चढत नाही, हे खरे. तरी याच गतीने चढत राहिली तर धोका पातळीला अजून अडीच तास आहेत, एवढा अंदाज बांधता आला तर तळमजल्यावरचे धान्य, वह्यापुस्तके आणि कागदपत्रे वर हलवायला वेळ मिळतो. दशांश अपूर्णांकाला पूर्ण संख्येने भागणे हा पाठ्यपुस्तकातला एक घटक आहेच. बेलवलीत राहणाऱ्याला तो रोजच्या कामाचाही आहे. हे छोटे पुस्तक त्या एकाच क्रियेसाठी लिहिले आहे.

एकाच क्रियेसाठी अख्खे पुस्तक कशाला, असे कोणी विचारेल. त्याचे कारण घरातच सापडते. गॅसच्या सिलिंडरवर १४.२ किलो लिहिलेले असते. विजेच्या बिलात, पेट्रोल पंपाच्या पाटीवर, बँकेच्या पासबुकात दशांश चिन्ह असते. उल्हासनगरच्या गजानन मार्केटमधून आणलेले कापड मीटर आणि सेंटिमीटरमध्ये मोजून मिळते. जुन्या घरांच्या सातबाऱ्यावर क्षेत्र हेक्टर-आरमध्ये लिहिलेले असते. हे आकडे वाचले जातात, त्यांची बेरीज होते, वजाबाकीही होते. पण वाटणी, सरासरी, ‘एका दिवसाला किती’, ‘एका माणसामागे किती’ असे प्रश्न आले, की लागतो तो भागाकार. सिलिंडर चाळीस दिवस पुरला तर दिवसाला किती गॅस जळला? १४.२ ÷ ४०, म्हणजे ०.३५५ किलो. हे गणित करायला कोणतेही नवे ज्ञान लागत नाही. चौथीत शिकलेला भागाकार आणि पाचवीत शिकलेले दशांश, एवढे पुरते. तरीही ही दोन ओळखीची माणसे एकत्र भेटली की मूल गोंधळते.

मुळात भागाकारच अनेक मुलांच्या हाती नीट आलेला नसतो. प्रथम संस्थेच्या ‘असर’ पाहणीत ग्रामीण भारतातल्या मुलांना तीन अंकी संख्येला एक अंकी संख्येने भागायला देतात. पाचवीच्या मुलांपैकी हे गणित सोडवू शकणारी मुले २०२२ मध्ये २५.६ टक्के होती आणि २०२४ मध्ये ३०.७ टक्के. बदलापूर शहर झाले आहे, ही पाहणी खेड्यांतली आहे, हे ध्यानात घेऊनही आकडा काळजी करावा असाच आहे. ज्या मुलाला ६१२ ला ६ ने भागता येत नाही, त्याला ६.१२ ला ६ ने भागायला लावणे म्हणजे पाया न घालता वरचा मजला चढवणे. म्हणून या पुस्तकाची पहिली काही पाने साध्या भागाकाराचीच आहेत. पालकांनी ती वगळू नयेत.

आता मुख्य मुद्दा. वर्गात बहुतेक ठिकाणी या गणिताचा एक नियम सांगितला जातो : नेहमीसारखा भागाकार करा, भाज्यात चिन्ह आले की भागाकारातही चिन्ह द्या, आणि शेवटी बाकी उरली तर शून्य जोडून पुढे जा. नियम बरोबर आहे, त्याने उत्तरही बरोबर येते. पण शून्य कुठून आले? ते जोडण्याची परवानगी कोणी दिली? चिन्ह वर का चढले? याचे उत्तर मुलाजवळ नसते. परीक्षेपर्यंत नियम टिकतो, सुट्टीनंतर विसरतो, आणि सातवीत तोच धडा पुन्हा पहिल्यापासून शिकवावा लागतो. आमचे म्हणणे एवढेच आहे : भागाकारात बाकी उरते, ती शेवट नसते. ती सुटी करता येते. एककात उरलेली बाकी दशांशांत सुटी करायची, दशांशांत उरलेली शतांशांत, शतांशांत उरलेली सहस्रांशांत. हे ज्याला कळले त्याला नियम पाठ करावा लागत नाही, तो आपोआप सुचतो.

दुकानदाराकडे पाचशेची नोट दिली आणि चौघांत वाटायची असली तर तो आधी शंभराच्या नोटा काढतो, एक-एक वाटतो, उरलेल्या शंभराचे दहा-दहाचे सुटे करतो आणि पुन्हा वाटतो. भागाकाराच्या प्रत्येक पायरीत हेच घडते. एक एकक सुटे केले की दहा दशांश मिळतात, म्हणूनच बाकीपुढे शून्य दिसते. ते शून्य आपण जोडलेले नाही. २ एककांचे २० दशांश झाले, त्या वीसमधले ते शून्य आहे.

हे एका उदाहरणात सावकाश पाहू. समजा, बेलवलीतल्या एका जुन्या कुटुंबाची सातबाऱ्यावर ०.६३ हेक्टर जमीन आहे आणि सहा वारसांत ती सारखी वाटायची आहे. ०.६३ ला ६ ने भागायचे. भाज्यात एकक शून्य आहेत, त्यामुळे भागाकारातही एककाच्या जागी शून्य. एकक संपले, दशांश सुरू होतात, म्हणून चिन्ह. आता सहा दशांश सहा जणांत वाटले : प्रत्येकाला एक दशांश, बाकी काही नाही. पुढे तीन शतांश आहेत. तीन शतांश सहा जणांत पूर्ण शतांशांनी वाटता येत नाहीत, प्रत्येकाला शून्य शतांश मिळाले. ते शून्य लिहायचेच. मग तीन शतांश सुटे केले, तीस सहस्रांश झाले. तीस सहस्रांश सहा जणांत : प्रत्येकी पाच. बाकी शून्य. उत्तर ०.१०५ हेक्टर, म्हणजे साडेदहा आर, म्हणजेच १०५० चौरस मीटर. सातबाऱ्यावर ६३ आर, त्याला ६ ने भागले तर १०.५ आर येतात, म्हणजे ताळाही जमला.

आता त्या मधल्या शून्याकडे पुन्हा पाहा. पुष्कळ मुले तिथे शून्य न लिहिता थेट पाच लिहितात आणि उत्तर देतात ०.१५. प्रत्येकाला ०.१५ हेक्टर दिले तर सहा जणांना मिळून ०.९० हेक्टर द्यावे लागतील. जमीन आहे ०.६३. कागदावर एक शून्य गळाले आणि सत्तावीस आर जमीन हवेतून निर्माण झाली. या भागात जमिनीच्या वाटणीवरून घरे कशी दुरावतात हे सांगायला नको. तिथे असे उत्तर कोणी मान्य करणार नाही. मूल मात्र ते वहीत निर्धास्त लिहिते, कारण त्याच्या लेखी ते शून्य म्हणजे ‘काहीच नाही’. शिकवणाऱ्याने तिथे थांबून सांगावे : ‘शतांश वाटून झाले, कोणाला एकही मिळाला नाही, म्हणून त्या जागी शून्य.’ जागा रिकामी ठेवली तर सहस्रांश सरकून शतांशांच्या घरात जाऊन बसतात.

दुसरी चूक याहून अवघड आहे, कारण तिथे मुलाचे उत्तर अर्धे बरोबर असते. ७.५ ला २ ने भाग म्हटले की ते लिहिते : भागाकार ३.७, बाकी १. बाकी १ कशी असेल? सात एककांतून सहा गेले, एक एकक उरले, त्याचे दहा दशांश आणि जवळचे पाच असे पंधरा दशांश झाले. दोघांत सात-सात दशांश वाटले, उरला एक. पण तो एक एकक नाही, एक दशांश आहे, म्हणजे ०.१. ताळा करून पाहावे : ३.७ ला २ ने गुणले की ७.४, त्यात ०.१ मिळवले की ७.५. त्यात १ मिळवला तर ८.४ होतील. मुलाला हा ताळा स्वतः करू द्यावा. एकदा त्याला कळले की बाकीलाही घर असते, ती कधी एककाची, कधी दशांशाची, कधी शतांशाची असते, की ते पुढे आपणहून विचारते, ‘मग ही बाकी अजून सुटी करता येईल ना?’ त्या प्रश्नाने निम्मे काम होते. एक दशांशाचे दहा शतांश, दोघांत पाच-पाच, उत्तर ३.७५.

मांडणीबद्दलही दोन शब्द. आपल्याकडच्या जुन्या पिढीची मांडणी अशी : डावीकडे भाजक, मध्ये कंसात भाज्य, आणि उजव्या कंसापुढे भागाकार. पूर्ण संख्यांसाठी ती उत्तम चालते. पण दशांशांसाठी भागाकार भाज्याच्या वर लिहावा, असा आमचा आग्रह आहे. वर लिहिला की प्रत्येक अंक आपापल्या जागेच्या डोक्यावर बसतो : एककावर एकक, दशांशावर दशांश, चिन्हावर चिन्ह. उजवीकडे लिहिला की ही जोडी तुटते आणि चिन्ह कुठे द्यायचे हे वेगळे आठवावे लागते. सुरुवातीला चौकटीची वही वापरावी, एका चौकटीत एकच अंक. आजोबांनी घरी आपल्या पद्धतीने शिकवले तर मुलाने गोंधळू नये. दोन्ही पद्धतींत वाटणी एकच आहे, फक्त लिहिण्याची जागा वेगळी.

बाकी सुटी करण्याची कल्पना फार जुनी आहे, आणि ती आपल्या मातीतली आहे. अंबरनाथच्या शिवमंदिरावर शके ९८२, म्हणजे इसवी सन १०६०, असा काळ कोरलेला आहे. त्यानंतर चोपन्न वर्षांनी, शके १०३६ मध्ये, भास्कराचार्यांचा जन्म झाला. त्यांच्या ग्रंथांच्या अध्यापनासाठी त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, मठ काढला त्याचा शिलालेख चाळीसगावजवळ पाटणला आहे. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त भागाकाराची रीत सांगितली आहे ती थोडक्यात अशी : भाज्याच्या डावीकडच्या, म्हणजे मोठ्या स्थानापासून सुरू करा, भाजकाची जितकी पट वजा करता येईल तितका भागाकार, आणि भाज्य-भाजकांना एखाद्या सामाईक संख्येने भाग जात असेल तर आधी तो देऊन घ्या. आजची आपली रीत हीच आहे. शेवटची सूचना तर आजही सोन्यासारखी आहे, तिचा उपयोग पुढे दाखवतो.

पण ‘लीलावती’त दशांश चिन्ह नाही. मग बाकीचे काय करत? ती लहान नाण्यात मोडत. सोळा पणांचा एक द्रम्म, चार काकिणींचा एक पण, वीस कवड्यांची एक काकिणी. द्रम्म वाटून उरले की पण करायचे, पण उरले की काकिणी, काकिणी उरल्या की कवड्या. म्हणजे सुटे करण्याची युक्ती होतीच. अडचण एवढीच, की प्रत्येक पायरीवर वेगळा आकडा : आधी सोळा, मग चार, मग वीस. पुढच्या काळातला रुपया-आणा-पैसाही तसाच. सोळा आण्यांचा रुपया, चार पैशांचा आणा, तीन पैंचा पैसा. चाळीस शेरांचा मण, ऐंशी तोळ्यांचा शेर. प्रत्येक वस्तूचे कोष्टक वेगळे पाठ करायचे. दशांश पद्धतीने ही सगळी कोष्टके एकाच आकड्यावर आणली. काहीही सुटे करा, दहाच होतात.

ही कल्पना लिखित रूपात पहिल्यांदा कुठे दिसते, हे जाणून घेण्यासारखे आहे, कारण ती याच पुस्तकाच्या विषयात दिसते. दमास्कसमध्ये दहाव्या शतकाच्या मध्यावर अल्-उक्लीदिसी या गणितज्ञाने भारतीय गणनपद्धतीवर ग्रंथ लिहिला. नावातच ‘हिंदी’ हिशेबाचा उल्लेख आहे. त्यात त्याने १९ ही संख्या घेऊन तिचे लागोपाठ पाच वेळा निम्मे केले : ९.५, ४.७५, २.३७५, १.१८७५, ०.५९३७५. प्रत्येक वेळी विषम अंक आला की उरलेल्या एकाचे दहा करून, निम्मे पाच पुढच्या जागी लिहिले, आणि एककाची जागा खुणेने दाखवली. दशांश अपूर्णांकांचे हे आज ज्ञात असलेले सर्वांत जुने उदाहरण मानतात. पूर्ण संख्येने भागताना उरलेली बाकी सुटी करणे, यातूनच दशांश अपूर्णांक लिहिले गेले. पुढे पंधराव्या शतकात समरकंदला अल्-काशीने त्यांचा पद्धतशीर वापर केला आणि १५८५ मध्ये सिमोन स्टेव्हिनने हॉलंडमध्ये एक छोटी पुस्तिका छापून ते युरोपात पोचवले. ती पुस्तिका त्याने पंडितांपुरती ठेवली नाही. जमीन मोजणारे, कापड मोजणारे, व्यापारी आणि टांकसाळवाले यांना उद्देशून लिहिली. विषय रोजच्या कामाचा आहे, हे त्याला ठाऊक होते.

आपल्याकडे हा बदल घराघरांत शिरला तो १ एप्रिल १९५७ रोजी. त्या दिवशी रुपयाचे सोळा आणे गेले आणि शंभर ‘नवे पैसे’ आले. एका आण्याचे किती नवे पैसे? हा प्रश्न तेव्हा प्रत्येक दुकानात आणि प्रत्येक स्वयंपाकघरात विचारला गेला, आणि त्याचे उत्तर भागाकारात होते. १०० ला १६ ने भागा : सोळा सहा शहाण्णव, उरले चार. चाराचे चाळीस दशांश : सोळा दुणे बत्तीस, उरले आठ. आठाचे ऐंशी शतांश : सोळा पाचे ऐंशी. उत्तर ६.२५. पण पाव पैशाचे नाणे नव्हते. म्हणून व्यवहारासाठी कोष्टक ठरले : एका आण्याला ६ नवे पैसे, दोन आण्यांना १२, तीन आण्यांना १९, चार आण्यांना २५. सव्वासहाची पट केली की दोन आण्यांचे साडेबारा आणि तीन आण्यांचे पावणेएकोणीस होतात; ते जवळच्या पैशावर आणले गेले. पुढे १९५८ पासून दशमान वजने-मापे आली आणि मण-शेर-तोळ्यांची जागा किलोग्रॅमने घेतली. आजही घरातली वडील माणसे पंचवीस पैशांना चार आणे आणि पन्नास पैशांना आठ आणे म्हणतात. मुलांनी त्यांच्याजवळ बसून तो काळ ऐकावा. दशांश हे शाळेने लादलेले काहीतरी आहे, ही समजूत त्यातून निघून जाते.

घरातल्या वडीलधाऱ्यांकडून आणखी एक गोष्ट घेण्यासारखी आहे. मराठी शाळांत पूर्वी पाढ्यांबरोबर पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी आणि औटकी पाठ करून घेत. पावकी म्हणजे ०.२५ चा पाढा, पाऊणकी म्हणजे ०.७५ चा, सवायकी १.२५ चा. ज्यांना ते येतात, त्यांना १.५ ला ६ ने भागायला कागद लागत नाही : सहा पाव म्हणजे दीड, तर दिडाचा सहावा भाग पाव, ०.२५. या पुस्तकातल्या अनेक उदाहरणांचा ताळा आजी-आजोबा तोंडी करू शकतील. मुलाने लेखी करावे, त्यांनी तोंडी पडताळावे; दोन पिढ्यांचा अभ्यास एकत्र होईल.

आता भास्कराचार्यांच्या सूचनेचा उपयोग. शाळेत शिजणाऱ्या पोषण आहारात पहिली ते पाचवीच्या मुलामागे १०० ग्रॅम आणि सहावी ते आठवीच्या मुलामागे १५० ग्रॅम धान्य धरलेले असते. सातवीच्या वर्गात ३६ मुले हजर आहेत आणि ५.४ किलो तांदूळ काढला, तर प्रत्येकी किती? ५.४ ला ३६ ने भागायचे. छत्तीसचा पाढा न येणारे मूल इथे घाबरते. पण ५.४ आणि ३६ दोघांनाही ९ ने भाग जातो : ०.६ आणि ४. आता ०.६ ला ४ ने भागा. सहा दशांश चौघांत : एक-एक, उरले दोन दशांश, त्यांचे वीस शतांश, प्रत्येकी पाच. उत्तर ०.१५ किलो, म्हणजे बरोबर १५० ग्रॅम. हिशेब जुळतो की नाही हे मुले स्वतः तपासू शकतात, आणि स्वतःच्या ताटाचा हिशेब तपासण्यात मुलांना फार रस असतो.

शेवटी एक प्रश्न राहतो, जो प्रत्येक चौकस मूल विचारते : बाकी कधीच शून्य झाली नाही तर? तसे होते. १ ला ३ ने भागताना प्रत्येक पायरीला एकच बाकी उरते आणि ०.३३३ असे पुढे चालत राहते. १ ला ७ ने भागा. बाक्या येतात ३, २, ६, ४, ५ आणि मग पुन्हा १. सातने भागताना शून्य सोडून सहाच बाक्या शक्य असतात. त्या संपल्या की जुनी बाकी परत येणारच, आणि बाकी परत आली की अंकही परत येतात : ०.१४२८५७ आणि पुन्हा १४२८५७. भाजकात २ आणि ५ यांखेरीज दुसरा मूळ अवयव नसला तर भागाकार नक्की संपतो, कारण दहाचे अवयव हेच दोन. म्हणून ४, ५, ८, १६, २५, ४० यांनी भागताना कधी ना कधी बाकी शून्य होते. ३, ७, ९ यांनी भागताना, भाज्यातून तो अवयव निघून गेला नाही, तर आवर्त सुरू होते.

या आवर्तांत रमणारा एक मोठा माणूस बदलापूरच्याच रेल्वेमार्गाशी जोडलेला आहे. दत्तात्रय रामचंद्र कापरेकर डहाणूला जन्मले आणि १९३० ते १९६२ देवळालीच्या शाळेत शिक्षक होते. ६१७४ हा त्यांचा स्थिरांक जगभर माहीत झाला. मार्च १९७५ मध्ये मार्टिन गार्डनर यांनी अमेरिकेतल्या प्रसिद्ध विज्ञान-मासिकात त्यांच्यावर लिहिले. १, १२१, १२३२१, १२३४३२१ अशा संख्यांची कल्पना त्यांना डोंबिवली स्थानकावर सुचली, म्हणून त्यांनी त्यांना ‘डेम्लो’ संख्या म्हटले. बेलवलीतून लोकलने कामाला जाणारे शेकडो लोक रोज त्याच स्थानकावरून जातात. याच कुळातला एक भागाकार मुलांनी जरूर करावा : १ ला ८१ ने भागा. उत्तर ०.०१२३४५६७९ आणि पुन्हा ०१२३४५६७९. बाक्या लिहून ठेवा : १, १०, १९, २८, ३७, ४६, ५५, ६४, ७३. प्रत्येक वेळी नऊ वाढतात. उत्तरात आठ का नाही, याचा शोध मुलांनी स्वतः घ्यावा. त्याला पेन्सिल आणि अर्धा तास पुरेल.

व्यवहारात मात्र असा भागाकार कुठेतरी थांबवावा लागतो. शंभर रुपये तिघांत वाटले की प्रत्येकी ३३.३३ आणि एक पैसा उरतो. ३० जून २०११ पासून पंचवीस पैसे व त्याखालची नाणी चलनातून गेली, तरी बँकेच्या आणि मोबाइलवरच्या व्यवहारात पैसा हिशेबात राहिला आहे. किती स्थळांपर्यंत भागाकार न्यायचा हे कामावर ठरते : पैशांत दोन स्थळे, किलोत तीन, नदीच्या पातळीत दोन. पुस्तकाच्या शेवटच्या भागात याचा सराव आहे.

पुस्तक कसे वापरावे, हे थोडक्यात. प्रत्येक उदाहरणाआधी मुलाने उत्तराचा अंदाज सांगावा. ९.४५ मीटर कापडाचे ७ सारखे तुकडे करायचे तर तुकडा एक मीटरपेक्षा मोठा आणि दीडपेक्षा लहान, एवढे आधी म्हणावे. मग भागून १.३५ आणावे. अंदाज असला की १३.५ किंवा ०.१३५ असे उत्तर आले तरी मूल स्वतःच ते खोडते. प्रत्येक पायरीला ‘तीन एकक उरले, त्यांचे तीस दशांश’ असे तोंडाने म्हणावे. आणि प्रत्येक उत्तराचा गुणाकाराने ताळा करावा.

शिक्षकांना विनंती, की नियम शेवटी सांगावा, आधी नाही. मुलांनी दहा-बारा वाटण्या केल्या की नियम ती स्वतः बोलून दाखवतील, आणि स्वतः सापडलेला नियम विसरला जात नाही. पालकांना विनंती, की उत्तर चुकले तर लगेच खोडू नये. ‘ही बाकी कोणाची?’ एवढेच विचारावे. सातवी-आठवीतली शेकडेवारी, सरासरी, व्याज, क्षेत्रफळ हे सगळे याच क्रियेवर उभे आहे. हा पाठ कच्चा राहिला तर पुढचे प्रत्येक वर्ष कच्चे राहते. म्हणून घाई करू नका. मुलाला उरलेली बाकी सुटी करता येऊ लागेपर्यंत पुढचा पाठ उघडू नका.